हाताला वाचता येत होतं

मार्चमधल्या त्या मंगळवारी शुभदा रिसबूड सहसचिवांच्या खोलीत डिक्टेशन घ्यायला गेली, तेव्हा तिला काहीही होत नव्हतं. पुढे डॉक्टरांनी खोदून खोदून विचारलं. डोकं दुखत होतं का? मुंग्या आल्या होत्या का? तिचं उत्तर एकच होतं, नाही. साहेब बोलत गेले, ती शॉर्टहँडमध्ये लिहीत गेली. मध्ये त्यांचा फोन आला तेवढ्यात तिने पेन्सिलीला टोक काढून घेतलं. पत्र संपलं. "यस सर" म्हणून ती उठली आणि बाहेर पडताना तिचा उजवा खांदा दाराच्या चौकटीवर आपटला. घडलं ते एवढंच.

जागेवर येऊन तिने वही उघडली आणि टाइप करायला बोटं कीबोर्डवर ठेवली. वहीत नऊ पानं भरली होती. पेन्सिल तिची, रेघा तिच्याच, कुठे खाडाखोड नाही. पण त्या रेघांचा अर्थ लागेना. चष्मा बदलून पाहिला, पुसून पाहिला. मग समोरच्या स्क्रीनकडे पाहिलं, तर तिथली इंग्रजी अक्षरंही तशीच. काळी, ठळक, स्वच्छ दिसत होती, आणि त्यातल्या एकाचंही नाव सांगता येईना.

शेजारच्या टेबलावर नेगीजी बसायचे. तिने एक फाइल त्यांच्यापुढे धरली.

"नेगीजी, ज़रा देखिए, इस पर क्या लिखा है?"

"आपकी अपनी फाइल है, मॅडम. सुबह-सुबह मज़ाक?"

"मुझे पढ़ना नहीं आ रहा," शुभदा म्हणाली. आपण हे वाक्य किती शांतपणे बोललो याचं तिला आजही नवल वाटतं. नेगीजींनी एकदा तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि दुसरं काही न विचारता ऑफिसची गाडी मागवली.

मेंदूच्या मागच्या बाजूला, डावीकडे, रक्ताची गुठळी झाली होती. वेळेवर पोचल्यामुळे बाकीचं वाचलं. बोलणं शाबूत, हातपाय शाबूत, आठवणी जागच्या जागी. दोन्ही डोळ्यांना उजवीकडचं दिसत नव्हतं, म्हणून दाराची चौकट लागली होती. आणि वाचन गेलं होतं. तिसऱ्या दिवशी एका तरुण डॉक्टरने तिला कागद-पेन दिलं आणि मनाला येईल ते लिहायला सांगितलं. तिने झरझर लिहिलं. डॉक्टरने कागद काढून घेतला, दोन मिनिटं इकडच्या तिकडच्या गप्पा मारल्या आणि तोच कागद परत तिच्यापुढे ठेवला.

"आता हे वाचा."

तिला ते वाचता आलं नाही. नवरा पद्माकर कॉटच्या बाजूला उभा होता. त्याने कागदावर वाकून पाहिलं. 'मला घरी जायचं आहे आणि इथला चहा पाणचट आहे,' असं तिच्या सुबक अक्षरात लिहिलेलं होतं. पद्माकरने डोळे पुसले, आणि मग त्याला हसूही आलं.

अक्षर हा शुभदाच्या आयुष्याचा धंदाच होता. साताऱ्याच्या एका टायपिंग क्लासमध्ये तिने आधी मराठी आणि मग इंग्रजी शॉर्टहँड केलं. बाविसाव्या वर्षी केंद्र सरकारची परीक्षा देऊन दिल्लीला आली, तेव्हा तिला हिंदी सिनेमातल्यापुरतीच येत होती. इथे बढतीसाठी हिंदी स्टेनो लागतं म्हटल्यावर तेही शिकली. लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये तिचा संसार मांडला गेला. मुलगी मृणाल तिथेच वाढली. पुढे द्वारकेला सोसायटीत फ्लॅट घेतला. पद्माकर विमा कंपनीतून निवृत्त झाला, मृणाल गुरुग्रामला नोकरीला लागली आणि तिकडेच राहायला गेली. शुभदाची नोकरी तीन वर्षं उरली होती. साहेब लोक एकामागून एक बदलून गेले, पण नवा आला की त्याला सांगितलं जायचं, "डिक्टेशन देना हो तो रिसबूड मॅडम को बुलाइए."

घरी आल्यावर पहिल्याच रविवारी मृणालने आईचा फोन हातात घेतला आणि दोन तासांत तो बोलका करून टाकला. मेसेजवर बोट ठेवलं की फोन तो वाचून दाखवायचा. उत्तर बोलून द्यायचं. माणूस शोधायचा तो त्याच्या फोटोवरून, कारण चेहरे आणि चित्रं शुभदाला पूर्वीसारखीच ओळखता येत होती. औषधांच्या पट्टीसमोर कॅमेरा धरला की फोन नाव सांगायचा. त्या आवाजाचं मराठी मात्र हिंदी वळणाचं होतं. तो 'माझं'ला 'माझन्' म्हणायचा आणि 'केलं'ला 'केलन्'. साताऱ्याहून चुलत भावाने पाठवलेला 'आईचं श्राद्ध झालं' हा मेसेज त्याने अशा काही थाटात वाचला की शुभदाला हसू आवरेना, आणि मागून अपराधी वाटलं.

"बघ आई," मृणाल म्हणाली, "प्रॉब्लेम सॉल्व्ह्ड. आता ऑडिओवरच चालतं गं सगळं. आमच्या ऑफिसात तरी लांबलचक मेल कोण वाचतं यार?"

पण डॉक्टरांनी वाचेचे आणि वाचनाचे उपचार करणाऱ्या कुणाकडे तरी जायला सांगितलं होतं. दिल्लीत मिळाले ते हिंदी-इंग्रजीतून शिकवणारे. मृणालनेच इंटरनेटवर शोधून पुण्याची कृतिका मिळवली. तिशीतली, चटपटीत, आठवड्यातून दोनदा व्हिडिओ कॉलवर यायची. पहिल्याच दिवशी तिने शुभदाला नीट समजावून सांगितलं.

"काकू, बोलणं मूल ऐकून ऐकून शिकतं. वाचनाचं तसं नाही. वाचायला मेंदूत जन्मापासून राखून ठेवलेली जागा नसते. वस्तू ओळखायचा जो भाग असतो, त्यातला एक कोपरा आपण शाळेत असताना वर्षभर घासून घासून वाचनासाठी तयार करतो. तुमचा तो कोपरा गेला. अक्षरं तुम्हाला माहीत आहेत, लिहिता येतात म्हणजे आहेतच. डोळ्यांकडून तिथपर्यंत जायचा रस्ता तुटलाय. आपण दुसरीकडून रस्ता काढू."

"कुठून?"

"हाताकडून. अक्षर दिसलं की बोटाने गिरवायचं. हात सांगेल ते काय आहे ते."

तिने स्क्रीनवर एक मोठं अक्षर दाखवलं. शुभदाने टेबलावर बोटाने त्याचा आकार काढला. गोल, मग दांडी. बोट थांबायच्या आतच ते कळलं. "व!" ती ओरडली. पद्माकर स्वयंपाकघरातून धावत आला.

पण तो आनंद टिकला नाही. एक एक अक्षर गिरवून शब्द लावायचा, तर शेवटच्या अक्षराशी पोचेपर्यंत पहिलं विसरायचं. 'विमानतळ' हा एक शब्द वाचायला तिला साडेतीन मिनिटं लागली. शेजारी फोन पडलेला असायचा, त्याला हेच काम क्षणात जमायचं. कृतिका रोज अर्धा तास सराव करा म्हणायची. पहिला महिना तो झाला. मग वीस मिनिटं, मग दहा, मग 'आज पाहुणे होते', 'आज डोकं जड होतं'. मेमध्ये शुभदाने कॉल आठवड्याला एकावर आणला आणि जुलैत महिन्याला एकावर. रजा भरपूर शिल्लक होती. ऑफिसातून कुणीतरी हळूच स्वेच्छानिवृत्तीचं सुचवलं होतं आणि तिला ते फारसं लागलंही नव्हतं.

लागत होतं ते निराळंच. पद्माकरने तिचं वाचन स्वतःच्या अंगावर घेतलं होतं. रस्त्याने जाताना तो पाट्या वाचायचा. जेवताना पेपर वाचायचा, तोही त्याला आवडणाऱ्या बातम्यांपुरता. दुकानात ती मसाल्याचं पाकीट उचलायच्या आधीच तो म्हणायचा, "गरम मसाला, शंभर ग्रॅम." नाशिकच्या नणंदबाई, लताताई, एक दिवसाआड फोन करायच्या आणि न चुकता विचारायच्या, "काय गं शुभदा, ओळखतेस ना आम्हाला?"

सप्टेंबरात गणपती बसले. त्या आठवड्यात एका सकाळी शुभदाने मनातलं सगळं आपल्या मैत्रिणीला, रेवतीला सांगायचं ठरवलं. रेवती लक्ष्मीबाई नगरातली जुनी शेजारीण. तिने परवाच आपल्या फोटोच्या जागी घरच्या गणपतीचा फोटो लावला होता, शाडूची मूर्ती, मागे केळीची पानं. शुभदाने फोनवर तो गणपती शोधला, बटण दाबून धरलं आणि चार मिनिटं बोलली.

"हे मला लहान मुलासारखं वागवतात गं. हळदीचं पाकीटसुद्धा वाचून दाखवतात, हळद काय मला दिसत नाही? आणि त्यांची ती बहीण! ओळखतेस ना, ओळखतेस ना! मला वाचता येत नाही, वेड नाही लागलेलं. कुणीतरी सांगा तिला."

सांगायची गरज पडली नाही. त्या आठवड्यात निम्म्या नातेवाइकांनी आपले फोटो काढून गणपती लावले होते, आणि केळीची पानं नाशिकलाही मिळतात. खाली लिहिलेलं नाव शुभदाला वाचता आलं असतं, तर तिने तो मेसेज लताताईंनाच पाठवला नसता.

दुपारी पद्माकरचा फोन वाजला. तो बाल्कनीत जाऊन बोलला आणि आत येऊन खुर्चीत बसला.

"ताईचा फोन होता. तू काय पाठवलंस, ते तिने मला ऐकवलं. पूर्ण."

शुभदाला काय झालंय ते समजायला थोडा वेळ लागला. मग तिचा चेहरा गोरामोरा झाला.

"अहो, ते रेवतीला होतं."

"ते कळलं मला. मी विचारतोय, ते खरं आहे का?"

तिने मान खाली घातली, पण खोटं बोलली नाही. "हो. खरं आहे."

पद्माकर म्हणाला, "सहा महिने मी घरात दुसरं काही केलं नाही, शुभदा. तुला काही अडू नये म्हणून सगळं केलं."

"ते मला दिसतं ना. पण काही अडतच नाही, म्हणून मी शिकतही नाही. फोन वाचतो, तुम्ही वाचता. माझ्यावर वेळच येत नाही. आज नाव वाचायची गरज होती आणि मी चित्र बघून मोकळी झाले."

संध्याकाळी शुभदाने स्वतःच लताताईंना फोन लावला आणि क्षमा मागितली. मग लताताई म्हणाल्या, "आमच्या सासूबाईंना असाच झटका आला होता. शेवटची दोन वर्षं त्यांनी मला ओळखलं नाही. रोज विचारायच्या, तुम्ही कोण? म्हणून मी तुला विचारायचे. तू 'हो' म्हणालीस की बरं वाटायचं. आता नाही विचारणार."

"विचारा हो," शुभदा म्हणाली. "एक दिवसाआड नको, इतकंच."

दुसऱ्या दिवशी तिने कृतिकाला कॉल लावला आणि आठवड्यातून दोनदा पुन्हा सुरू करायला सांगितलं. कृतिकाने कानउघाडणी केली नाही. फोन टाकून द्यायलाही सांगितलं नाही. "तो काठीसारखा वापरा. बाहेर, घाईत, औषधांसाठी. पण रोज एक तास असा ठेवा की काठी कोपऱ्यात आणि काका गप्प."

काका गप्प राहणं सर्वांत अवघड गेलं. शुभदा 'पालक' हा शब्द लावत बसलेली असली की शेजारी पद्माकरचे ओठ हलायचे. शेवटी त्या तासापुरता तो खाली सोसायटीच्या बागेत फेऱ्या मारायला जाऊ लागला.

दिवाळीच्या सफाईत ऑफिसची पिशवी निघाली. नेगीजींनी मार्चमध्ये घरी पोचवली होती आणि कुणी उघडली नव्हती. आत ती वही होती. शुभदा पलंगावर बसली आणि त्या दिवसाचं पहिलं पान उघडून नुसतंच बघत राहिली. रेघा, आकडे, ठिपके. सवयीने तिचं बोट पहिल्या खुणेवरून फिरलं, आणि अख्खा शब्द समोर उभा राहिला. 'रेफरन्स.' ती दचकली. पुढच्या खुणेवरून बोट फिरवलं. 'युअर लेटर.' एक खूण, एक झटका, एक शब्द. देवनागरीत ज्या शब्दाला दहा-बारा वळणं लागत होती, तो इथे एका वळणात संपत होता, त्यामुळे मागचा विसरायच्या आत पुढचा यायचा. नऊ पानं तिने चाळीस मिनिटांत वाचून काढली. अडचण एकच होती. शॉर्टहँडमध्ये 'प' आणि 'ब' यांची रेघ तीच, एक बारीक आणि एक जाड, आणि बोटाला जाडी कळत नाही. तिथे मागचापुढचा संदर्भ लावून ओळखावं लागे. ते पत्र साहेबांनी दुसऱ्या कुणाला पुन्हा सांगून केव्हाच पाठवलंही होतं. तरीही तिने ते मोठ्याने, साहेबांच्या सुरात, शेवटच्या 'युअर्स फेथफुली'पर्यंत वाचलं. दारात पद्माकर हातात झाडू घेऊन उभा होता.

"काय वाचतेयस?"

"मला झटका आला तेव्हाचं पत्र."

कृतिकाला हे सांगितलं तेव्हा तिने कॅमेरा वहीवर धरायला लावला आणि खुर्ची पुढे ओढली. "काकू, तुमच्या हाताने पस्तीस वर्षं हेच केलंय. शब्द ऐकायचा आणि एका झटक्यात उतरवायचा. हा रस्ता तुमच्याकडे हमरस्त्यासारखा तयार आहे, आपण उगाच पायवाट शोधत बसलो." मग दोघींनी मिळून पद्धत बसवली. छापलेला शब्द दिसला की पूर्ण गिरवायचा नाही. पहिली दोन-तीन अक्षरं बोटाने काढायची, अंदाज आला की अख्ख्या शब्दाची शॉर्टहँडची खूण काढून बघायची आणि ती छापलेल्याशी जुळते का ते तपासायचं. कृतिकाच्या कुठल्याच पुस्तकात असं काही नव्हतं. "चालतंय ना? मग चालू द्या," ती म्हणाली.

उजवीकडचं दिसत नव्हतं ते नव्हतंच. ओळ कुठे संपते ते कळावं म्हणून शुभदा पानाच्या उजव्या कडेला लाल पट्टी ठेवायची आणि पट्टी दिसेपर्यंत मान वळवायची. बोट हळूहळू टेबलावरून मांडीवर आलं, मग अंगठ्याचं नख तर्जनीच्या कडेवर फिरू लागलं. समोरच्याला वाटे, बाई जप करतायत.

डिसेंबरात ती कामावर परतली. अवर सचिव नवे होते. त्यांनी सहानुभूतीने तिला फोन घ्यायच्या टेबलावर बसवलं. "आप आराम से बैठिए, मॅडम. टेन्शन मत लीजिए." शुभदा आठ दिवस आरामात बसली. नवव्या दिवशी सहसचिवांकडे तातडीचं उत्तर तयार करायचं होतं आणि ज्याने करायचं तो स्टेनो रजेवर होता. ती आत गेली.

"सर, मैं लेती हूँ."

"पर आप टाइप कैसे करेंगी?"

"वो मुझ पर छोड़िए."

तिने डिक्टेशन घेतलं. जागेवर आली, डाव्या हाताचं बोट वहीतल्या खुणांवरून फिरवत मोठ्याने वाचत गेली आणि कॉम्प्युटर ते ऐकून लिहीत गेला. मग कानात इअरफोन घालून त्याच्याचकडून परत वाचून घेतलं. त्याने एका जागी 'बिल'चं 'पिल' केलं होतं. तो घोळ त्याचा की तिच्या बोटाचा, हे तिला ठरवता आलं नाही, पण तिने तो पकडला. पूर्वी पंधरा मिनिटांत होणाऱ्या कामाला पन्नास मिनिटं लागली. नेगीजींनी कागद तपासला आणि म्हणाले, "बिल्कुल ठीक है." मग जरा थांबून, "आपकी पुरानी स्पीड की तो बात ही और थी." शुभदाला हे दुसरं वाक्य जास्त आवडलं. इतक्या महिन्यांत तिच्याशी खरं बोलणारे फार थोडे होते.

आता तिच्या निवृत्तीला चार महिने आहेत. छापील मराठी पान तिला नऊ मिनिटांत वाचता येतं, हिंदीला अकरा लागतात, आणि इंग्रजीचं पान ती सरळ फोनला देते. मेट्रोतल्या पाट्या वाचण्याच्या भानगडीत ती पडत नाही, स्टेशनं मोजते. पेपर मात्र स्वतः वाचते, आणि पद्माकरला ज्या बातम्या आवडत नाहीत त्या मुद्दाम मोठ्याने वाचते. मृणालने मध्यंतरी विचारलं होतं, "आई, पण एवढी मेहनत कशाला? ऐकलं काय, वाचलं काय." शुभदा म्हणाली, "ऐकताना तो मला त्याच्या वेगाने नेतो. वाचताना मला वाटेल तिथे मी थांबते." मृणालला ते पटलं की नाही, कोण जाणे. ती पुढे वाद घालत बसली नाही.

कृतिकाने रविवारी सकाळी आपल्या रुग्णांचा एक व्हिडिओ कॉल सुरू केलाय. नागपूरचे एकजण असतात, सोलापूरच्या दोघीजणी, आणि अहमदनगरचे दत्तात्रय नावाचे शिंपी. बाकीच्यांचं बोलणं अडखळतं, शुभदासारखं वाचन गेलेले दत्तात्रय एकटेच. ते फार कमी बोलतात. शुभदाची हकीकत ऐकून पहिल्या रविवारी ते म्हणाले, "बाई, तुमचा हात शिकलेला. मी सातवी पास. माझा हात काय वाचणार?"

"हाताने काय करता तुम्ही?"

"काय करणार? कापड बेततो. खडूने रेघ मारतो."

"मग खडूनेच मारा ना. कापडावर. मोठं अक्षर काढा, हातभर."

कृतिकाने मध्येच टोकलं, की हे प्रत्येकाला लागू पडेलच असं नाही, काकूंचं प्रकरण वेगळं आहे. पण गेल्या रविवारी दत्तात्रयांनी कॅमेऱ्यासमोर अस्तराचा एक तुकडा धरला. त्यावर खडूने वीतभर उंचीची अक्षरं होती, पाच-सहा. 'क' आणि 'फ' यांत त्यांचा गोंधळ होतो, ते त्यांनी स्वतःच सांगितलं. 'र' अजून ओळखू येत नाही. शुभदा चष्मा सारखा करून स्क्रीनवर वाकली, अंगठ्याचं नख तर्जनीवर फिरलं, आणि ती म्हणाली, "तिसरं अक्षर जरा खाली घ्या हो, मला अर्धंच दिसतंय."